पाथरवटाचं लगीन

भुजंगरावांचे गुडघे त्या सकाळपर्यंत ठणठणीत होते. ऐंशी पार केलेला माणूस, पण अजून कुणाच्याही विहिरीच्या काठावर उकिडवा बसायचा, आत डोकवायचा आणि "पाणी उजव्या अंगाला हाये" म्हणून सांगून मोकळा व्हायचा. मग जालन्याहून नातीचा फोन आला आणि दोन्ही गुडघे एकदमच दुखायला लागले.

नात म्हणजे शीतल. नवीन जालन्यात एका बियाण्यांच्या कंपनीत हापिसात कामाला. तिनं फोनवर अशी किंकाळी मारली की सगुणाबाईंच्या हातातली भाकर तव्याऐवजी चुलीत पडली.

"आज्जे, तुझा पाथरवट सापडला!"

"कोन सापडला?"

"अगं पाथरवट! तू लग्नाला ज्याचं गाणं म्हणती ना, त्याचा बोलपट. कुण्या जुन्या टॉकीजवाल्याच्या घरी माळ्यावर पत्र्याचे डबे निघाले. पुण्याच्या लोकांनी धुऊन-पुसून साफ केला. येत्या इतवारी दुपारी इथं जालन्यात दाखवून राह्यले. एकच खेळ, अन् तिकीट न्हाई!"

सगुणाबाई चुलीपुढून उठल्या, त्या तशाच पिठाच्या हातांनी फोन कानाला लावून अंगणात गेल्या, तुळशीला एक फेरी मारली आणि परत आल्या. "पुरा हाये का गं? का मधीच तुटलेला?"

"पुरा! पहिल्यापासून शेवटापर्यंत."

शेवट हा शब्द कानावर पडला आणि भुजंगराव बाजेवरून कण्हले, "आईऽ गं. गुडघा धरला."

त्यांच्याकडं कुणी बघितलंसुद्धा नाही. सगुणाबाईंनी तोवर निम्मी वाडी अंगणात जमा केली होती.

आता हे पाथरवटाचं प्रकरण काय, ते सांगायला पाहिजे. केदारखेड्याच्या पुढं नदी ओलांडली की एक वस्ती लागते. कागदावर तिला नाव आहे, पण सगळे तिला वाडीच म्हणतात. वाडीची देवी टेकडीवर. दर जत्रेला ती पालखीत बसून नदीपलीकडं आपल्या माहेरी जाते आणि काही दिवस राहून परत येते. ती माहेरी असली की वाडीत एक नियम: रडायचं नाही. पोर पडलं, गुडघा फुटला, तरी त्याच्या तोंडात गुळाचा खडा कोंबायचा. कुणी गेलं, तरी बायांनी तोंडात पदर धरायचा. कारण साधं आहे. सासरी रडारड चालली आहे असं कानावर गेलं, तर कोणती लेक माहेराहून परत येईल? देवी झाली म्हणून काय झालं, लेकच ती.

सगुणाबाई परकरातल्या होत्या तेव्हा जत्रेत तंबूची टाकी, म्हणजे टॉकीज, आली होती. ह्या गावाहून त्या गावाला बैलगाड्यांवर तंबू, पडदा आणि मशीन घेऊन फिरणारी. तिच्याकडं एकच मोठा बोलपट होता. तोही जुनाट. चित्रं नुकती नुकती बोलायला शिकली होती त्या काळातला, म्हणजे सगुणाबाईंपेक्षाही वयानं मोठा. घासून घासून असा झाला होता की पडद्यावर सारखा पाऊस पडायचा, आणि माणसं बोलायला लागली की घागरीत तोंड घालून बोलल्यासारखी. भाषा उर्दू. पण वाडीत रखमाजी होते, म्हणजे सगुणाबाईंचे वडील. निजामाच्या वक्ताला शाळेत उर्दू शिकलेले. ते सगळ्यांच्या पुढं बसले आणि एकेक वाक्य मोठ्यानं मराठीत सांगत गेले. बोलपटातल्या राजापेक्षा रखमाजींचाच आवाज मोठा.

गोष्ट इराणातली. एक पाथरवट असतो, दगड फोडणारा. त्याचा जीव एका राणीवर बसतो. राजालाही तीच पाहिजे. मग राजा पैज लावतो: तो समोरचा डोंगर फोड, त्यातून पाट काढून पाणी आण, राणी तुझी. राजाला वाटतं, हा डोंगरातच म्हातारा होऊन मरेल. पण पाथरवट घाव घालत राहतो, घालत राहतो आणि एक दिवस डोंगर फुटतो, पाणी खळाळत येतं. त्यांची नावं वाडीच्या तोंडात बसली नाहीत. तो झाला पाथरवट आणि ती झाली राणी.

आणि पुढं? पुढं त्यांचं लगीन लागतं. वाडीनं डोळ्यांनी बघितलं होतं. वाजंत्री, नाचणाऱ्या बाया, नवरदेवाच्या तोंडावर हा एवढा फुलांचा सेहरा. नवरदेवाचं तोंड काही दिसलं नाही, पण दुसरा कोण असणार? राणी जरा जाड झाल्यासारखी वाटली. त्यावर जयवंताबाई, म्हणजे सगुणाबाईंची तेव्हापासूनची मैत्रीण, आजही सांगते, "लगीन ठरलं की पोरी अंगानं भरतातच."

खरी गोष्ट वेगळी होती, आणि ती वाडीत एकट्या भुजंगरावांना ठाऊक होती.

ते तेव्हा मिसरूड फुटलेलं पोरगं. त्यांच्या लोकांची आधी मेंढरं होती. मेंढरं गेली आणि हातात पहार आली. विहिरी खोदायच्या, खडक फोडायचा. वाडीच्या मुरमात तंबूचे खांब रोवायला टाकीवाल्याला पहारवाला पाहिजे होता, म्हणून त्यानं भुजंगला धरलं आणि काम बघून पुढच्या मुक्कामांनाही सोबत नेलं. तसे फिरत फिरत ते पार घनसावंगीकडं कुंभार पिंपळगावच्या बाजारापर्यंत गेले. तिथं भुजंग पडद्याचा दोर धरून बसला होता, लग्नाची वाट बघत. लगीन आलंच नाही. राजानं दगा दिला. एका म्हातारीला डोंगरावर पाठवलं, तिनं पाथरवटाला खोटंच सांगितलं की तुझी राणी मेली. पाथरवटानं ऐकलं आणि जीव दिला. मग राणी धावत आली आणि त्याच्या अंगावर पडून तीही गेली.

भुजंग डोळे पुसत टाकीवाल्याकडं गेला. "शेठ, आमच्या वाडीत तर लगीन लागल्तं!"

टाकीवाला रीळ गुंडाळत म्हणाला, "तुमच्या पंचांनी सांगितलं, रडायचं असलं तर काढून टाक, देवी माहेरी गेलीय. मी शेवटचं रीळ काढलं आणि दुसऱ्या बोलपटातली वरात चिकटवली. इथली देवी घरीच हाये."

ही बातमी घेऊन भुजंग वाडीला आला, तर वाडी वेगळ्याच रंगात. बाया जात्यावर पाथरवटाच्या ओव्या म्हणत होत्या. ओव्या रचणारी होती रखमाजीची सगुणा. आणि ती ओवी म्हणताना त्याच्या पहारीकडं बघत होती. तोंड उघडायला आलेला भुजंग तोंड मिटून घरी गेला.

पुढं दोन-तीन वर्षांनी सगुणाचं लग्नाचं वय झालं, तेव्हा तिनं बापाला सरळ सांगितलं की भुजंग सोडून करायची नाही. बिरादरी एकच, पण रखमाजी जमीनवाले आणि हे पहारवाले. रखमाजी पारावर बसून हसत म्हणाले, "माझ्या मळ्यातली विहीर काळ्या पाषाणाला लागून पडून हाये. त्यात पाणी आण म्हणावं त्याला, मंग देतो पोरगी." ते चेष्टेनं बोलले. पण पारावर सगळी वाडी होती आणि सगळ्या वाडीनं बोलपट बघितला होता.

भुजंग त्या विहिरीत उतरला. दिवाळीला उतरला आणि होळीच्या आधी पाषाण फुटला. पाणी एवढ्या जोरात आलं की त्याची चप्पल आतच राहिली. रखमाजी काठावर उभे राहून किती तरी वेळ पाणी बघत होते. लोक म्हणायला लागले, आता काय करता? तेव्हा ते जे बोलले, ते भुजंगरावांना अजून झोपेत ऐकू येतं.

"करता काय? तो परदेशातला राजा शब्दाला जागला. मी मागं सरू का?"

लगीन झालं. आणि भुजंगरावांच्या पोटात एक खडा कायमचा जाऊन बसला. राजा शब्दाला जागलाच नव्हता! आपण बायको मिळवली ती अर्ध्या बोलपटावर. बोलावं, तर सासऱ्यानं काय म्हणावं? सासरे गेल्यावर बोलावं, तर सगुणानं काय म्हणावं? वाडीतल्या प्रत्येक लग्नात हळदीच्या दिवशी तिलाच बोलावणं यायचं. ती गायला बसायची आणि नवरदेवाच्या हातात पहार देऊन दगडावर एक घाव घालायला लावायची. वाडीत पद्धतच पडली. भुजंगराव त्या वेळी मांडवाबाहेर जाऊन उगीच बैलाला पाणी पाजायचे.

तर असे ते गुडघे दुखायला लागले होते.

"येऊ नका तुमी," सगुणाबाई म्हणाल्या. "ऱ्हावा घरी. म्या जाते."

"तू तरी कशाला जाती? उन्हाचं, जीपमधी हाडं खिळखिळी व्हतील. अन् काय बघायचं हाये? बघितला की एकदा."

"एकदा बघितला म्हणून काय झालं? तुमी एकदाच जेवता का?"

अंगणात हसू पिकलं. तोवर दुसरीच पंचाईत निघाली होती. देवी परवाच माहेरी गेली होती. नियम लागू होता. जालन्याला जाऊन बोलपट बघितलेला चालतो का? पारावर वाद झाला. एक म्हणाला, वेस ओलांडली की नियम सुटला. जयवंताबाई कडाडली, "लेक माहेरी गेली अन् सासरचे जालन्याला जाऊन रडले, तर तिला कळणार न्हाई का? तिला का फोन न्हाई?"

शेवटी सगुणाबाईंनीच निकाल दिला. "अरं पण रडायचं कशाला? लगीनच हाये की त्याच्यात!"

सगळ्यांना पटलं. भुजंगराव भिंतीकडं तोंड करून बसले.

पण इतवारी सकाळी वाडीतला देवानंद आपली क्रूझर जीप घेऊन अंगणात आला आणि सगुणाबाई जरीच्या काठाचं लुगडं नेसून, नाकात नथ घालून बाहेर आल्या. ती नथ लग्नातली. भुजंगरावांनी बघितलं. ह्या बाईला तिथं एकटीला ती म्हातारी भेटणार, तो शेवट दिसणार आणि आपण इथं बाजेवर. ते उठले, धोतर सावरलं आणि ड्रायव्हरच्या शेजारी जाऊन बसले.

"गुडघा?" सगुणाबाई मागून म्हणाल्या.

"दुखायचा ऱ्हायला एकदम."

"पाथरवटाचं नाव काढलं की ऱ्हातोच!"

क्रूझरमध्ये माणसं कशी बसली होती ते देवानंदलाच ठाऊक. टपावर दोघं, मागच्या पायरीवर एक, आणि आत त्रिंबक. त्रिंबक म्हणजे भुजंगरावांचा जोडीदार, विहिरीवर दोर ओढणारा, आता एका कानानं ठार बहिरा. गाडी राजूरच्या रस्त्याला लागली तशी बायांनी गाणं धरलं:

घाव घाल पाथरवटा, डोंगराच्या माथ्यावर,
पाणी धावलं धावलं, राणीच्या गं हातावर

"काय म्हणून राह्यल्या?" त्रिंबक ओरडला.

"तुजं नाव न्हाई त्यात," देवानंद म्हणाला. "तुजं गाणं येगळं. 'भुजंग गेला होऽ' म्हणून!"

गाडी हसून हसून हलायला लागली. त्रिंबकनं मान खाली घातली. त्याला अजून लाज वाटते. ती बात अशी: बहात्तरचा दुष्काळ. देवी माहेरी गेलेली, पण पाणी कुठंच नव्हतं म्हणून विहिरीचं काम बंद ठेवलं नव्हतं. सुरुंग उडाला आणि आतली कड ढासळली. भुजंग आत. धूळ बघून त्रिंबक जो पळाला तो थेट वाडीत येऊन बोंबलला, "भुजंग गेला होऽ! दबला, गेला!"

बाया गोळा झाल्या. एरवीची वेळ असती तर सगुणाबाईंना धरून सगळ्यांनी टाहो फोडला असता, तोंडावर पाणी मारलं असतं, पडवीत बसवलं असतं. पण रडायचं नव्हतं. जयवंताबाईनं स्वतःच्या तोंडात पदर कोंबला आणि दुसरा सगुणाबाईंच्या. आता बाईनं करावं काय? रडता येत नाही म्हटल्यावर ती नुसती उभी तरी किती वेळ राहील? ती निघाली. तोंडातला पदर फेकून विहिरीपर्यंत पळत गेली, काठावर पालथी पडली आणि आत हाक मारली. खालून आवाज आला, "दोर टाक. अन् त्या त्रिंबक्याला धरून ठेव, मला त्याला हाणायचंय."

भुजंग दगडाच्या कपारीत कमरेपर्यंत अडकला होता. अजून थोडा वेळ गेला असता तर वरची कडही आली असती.

जालना आलं. शीतल दारातच उभी होती. तिनं सगळ्यांना हाताला धरून आत नेलं. हॉल गार, खुर्च्या मऊ. कॉलेजची पोरं-पोरी, चष्मेवाली माणसं आणि त्यांच्या मधोमध वाडीची अख्खी रांग: पागोटी, पदर, आणि जयवंताबाईच्या मांडीवर भाकरीचं गाठोडं. भुजंगराव सगुणाबाईंच्या शेजारी बसले.

अंधार झाला. पडदा उजळला.

"अगं बाई!" सगुणाबाई म्हणाल्या. "ह्याच्यात पाऊस न्हाई पडून राह्यला!"

"धुतलाय ना आज्जी," शीतल कुजबुजली.

खरंच लख्ख होता. राणीच्या कानातली फुलं मोजून घ्यावीत असा. पाथरवट आला तशी रांगेतून "आला, आला!" अशी लाट गेली. त्यानं पहिला घाव घातला आणि सगुणाबाईंनी भुजंगरावांच्या मांडीवर थाप मारली. "बघा, बघा, हात कसा उचलतो! तुमच्यावानी!" मागच्या एका साहेबांनी "शू" केलं. जयवंताबाईनं मागं वळून तितक्याच प्रेमानं "शू" केलं. पाणी फुटलं तेव्हा तर वाडीनं टाळ्या पिटल्या, आणि गंमत म्हणजे कॉलेजच्या पोरांनीही पिटल्या. सगुणाबाईंचं तोंड परकरातल्या पोरीसारखं झालं होतं. भुजंगरावांना पडद्यापेक्षा तेच तोंड दिसत होतं.

मग राजानं हाताच्या इशाऱ्यानं कुणाला तरी बोलावलं. एक म्हातारी आली. वाकलेली, डोक्यावरून ओढणी.

"ही कोन?" जयवंताबाई म्हणाली. "ही न्हवती आपल्यात."

भुजंगरावांनी बायकोचा पदर धरला. "सगुणा, मला बाहीर ने. गुडघा..."

"गप बसा. आता लगीन हाये."

"ऐक माझं. चल बाहीर."

सगुणाबाईंनी त्यांच्याकडं बघितलं. अंधारातच, पण पुरतं बघितलं. मग पडद्याकडं बघितलं. म्हातारी डोंगर चढत होती. पाथरवटाजवळ आली, छाती पिटायला लागली आणि काहीतरी बोलली. रखमाजी नव्हते आता मराठीत सांगायला. पण बापाच्या शेजारी बसून वाढलेल्या पोरीला तेवढं उर्दू कळत होतं.

आणि सगुणाबाई उभ्या राहिल्या.

"अय! थांब! खोटं बोलून राह्यली ती!"

हॉलमधली सगळी डोकी वळली. "आज्जी, आज्जी बस," शीतल पदर ओढायला लागली. पण सगुणाबाई कुठल्या बसतात! पाथरवटानं पहार उचलली होती.

"अरं मेल्या, जिती हाये राणी! आधी जाऊन बघ! डोळ्यांनी बघ!"

"जाऊन बघ!" जयवंताबाई उठली. "जाऊन बघ रं!" देवानंद उठला. अख्खी रांग उठून पडद्यावरच्या माणसाला हाका मारायला लागली, आणि एका कानानं बहिरा त्रिंबक सगळ्यांत मोठ्यानं ओरडला, "ऐकू नकोस रं बाबा, लोक कायबी सांगतात!"

पाथरवटानं ऐकलं नाही. पडला. राणी धावत आली, केस सुटलेले. तीही त्याच्यावर पडली आणि उठली नाही. पाट तेवढा वाहत राहिला.

हॉलमध्ये नाकं ओढल्याचे आवाज यायला लागले. मागचे साहेब चष्मा काढून डोळे पुसत होते. फक्त वाडीची रांग कोरडी. बायांच्या तोंडात पदर, बाप्यांच्या तोंडात उपरणं, आणि जयवंताबाईनं तर भाकरीचा अख्खा तुकडा तोंडात कोंबला होता. कुणाच्या डोळ्यातून थेंब पडू दिला नाही.

बाहेर ऊन होतं. सगुणाबाई पायरीवर बसल्या. देवानंद उसाच्या रसाचे ग्लास घेऊन आला आणि मुकाट वाटत गेला. भुजंगराव समोर उभे राहिले. त्यांना वाटलं, खडक फुटायच्या आधी जी शांतता असते, ती ही.

"तुमाला ठाव व्हतं," सगुणाबाई म्हणाल्या.

"व्हतं."

"कवापासून?"

"पिंपळगावच्या बाजारापासून. लग्नाच्या आधीपासून."

"अन् म्हणून गुडघा."

"म्हणून गुडघा."

सगुणाबाईंनी रसाचा एक घोट घेतला. "राजा शब्दाला जागला न्हवता, हे माझ्या बापाला कळलं असतं तर?"

"तर तुजं लगीन तुज्या बापानं बघितलेल्या तळेगावच्या दुकानदारासंगं झालं असतं. खाऊनपिऊन सुखी असतीस." भुजंगराव पागोटं काढून हातात घेऊन उभे होते. "अर्ध्या बोलपटावर फसवून आणली तुला मी. हे एवढंच. बोल आता काय बोलायचं ते."

त्रिंबक पुढं आला, त्याला वाटलं विषय आपलाच चालला आहे. "वैनी, त्या वक्ताला म्या खोटं न्हवतो बोललो. म्या काई ती म्हातारी न्हाई. मला खरंच वाटल्तं, ह्यो मेला."

"ठाव हाये भाऊजी. तुमी म्हातारी न्हाई, तुमी निस्ते घाबरट." आणि सगुणाबाई एकदम थांबल्या. त्रिंबककडं बघितलं, मग नवऱ्याकडं बघितलं. रसाचा ग्लास खाली ठेवला. "थांबा, थांबा. आमच्याकडंबी आल्ता की सांगावा! तस्साच! गेला म्हणून! अन् म्या काय केलं?"

"विहिरीवर आली," भुजंगराव म्हणाले.

"का आले?"

"का म्हंजे?"

"रडायची बंदी व्हती म्हणून आले! न्हाईतर ह्या जयवंतीनं मला पडवीत बसवून छाती पिटायला लावली असती, अन् तुमी तिकडं कपारीत... ह्याच्यावानीच झालं असतं की आपलंबी!" त्यांनी हॉलच्या दाराकडं हात केला. डोळे नुसते लकाकत होते. "त्या पाथरवटाच्या गावची देवी माहेरी जात नसणार बघा. मोकळीक व्हती ना रडायला. ऐकलं, रडला अन् मेला. जाऊन बघितलंच न्हाई! आपला शेवट खरा हाये. ह्यो त्यांनी बिघडवलाय."

"अगं, मूळचाच असा हाये तो."

"मूळचा असंल. बराबर न्हाई." त्या उठल्या, नथ नीट केली. "अन् फसवलं-बिसवलं काय न्हाई. माझ्या बापानं जो राजा बघितला, तसा तो वागला. तुमी तोंड उघडलं असतं, तर मातर म्या तुमाला सोडलं नसतं. चला. गुडघा कसा हाये?"

भुजंगरावांनी जागच्या जागी पाय आपटून दाखवला. साठ वर्षांचा पोटातला खडा कुठं गेला, ते त्यांना कळलं नाही.

परत येताना गाडीत जयवंताबाईनं विचारलंच. "मंग आता तुज्या शीतलचं लगीन निघालं की हळदीला कसं म्हणायचं गं? मरतो म्हणून?"

"वा गं! पहार हातात घेतलेल्या पोराला मरतो म्हणून सांगायचं?" सगुणाबाई खिडकीतून बाहेर बघत ओठ हलवत होत्या. राजूर मागं पडलं. मग त्यांनी घसा साफ केला आणि जुन्या चालीवर एक नवीन ओवी सोडली:

आली सांगावा घेऊन, खोट्या तोंडाची म्हातारी,
नको टाकू रं पहार, राणी उभी तुझ्या दारी

दुसऱ्या खेपेला सगळ्या बायांनी उचलली. तिसऱ्या खेपेला टपावरची माणसं पत्रा बडवायला लागली. पुढं बसलेले भुजंगराव, ज्यांनी उभ्या जन्मात मांडवात थांबून हे गाणं ऐकलं नव्हतं, ते मोठ्यानं, बेसूर, सगळ्यांच्या मागून एक शब्द उशिरा गात होते.

काही दिवसांनी देवी माहेराहून आली. हलगी, गुलाल, दारोदार ओवाळणी. पालखी टेकडी चढली आणि देवी गाभाऱ्यात बसली, तशी जयवंताबाई देवळाच्या पायरीवर बसली आणि तिनं मोकळ्या गळ्यानं सूर लावला, "अरं माझ्या पाथरवटाऽ!" जालन्याला गेलेल्या सगळ्या बाया तिच्या गळ्यात पडल्या. जत्रेला आलेले पाहुणे घाबरले, कोण गेलं म्हणून विचारायला लागले. देवानंद त्यांना सांगत होता, "घरचंच माणूस. इराणातलं."

सगुणाबाईही बसल्या आणि रडायला लागल्या. बाकीच्यांचं आटोपलं तरी त्यांचं चालूच. भुजंगराव पाण्याचा तांब्या घेऊन शेजारी टेकले.

"अगं, पुरे. बोलपटातला व्हता तो."

"त्याच्यापायी न्हाई," सगुणाबाई हुंदके देत म्हणाल्या. "त्याचं कवाच झालं. हे विहिरीच्या टायमाचं ऱ्हायल्तं."

भुजंगराव तांब्या तसाच धरून बसून राहिले.